मदत हवी आहे: युद्धाच्या सीनमध्ये ताण येतच नाहीये, लवकर सांगा

घाईत_घोडा: शनिवारी शॉर्टफिल्म द्यायचीये. युद्धाचा सीन आहे. ढोल, व्हायोलिन, हृदयाचे ठोके, सगळं लावून झालं. तरी मित्र बघताबघता मोबाईल काढतात. काय चुकतंय? "पुस्तकं वाच" सांगू नका प्लीज.

खडूस_आजोबा: सीनमध्ये घडतं काय? दिवस की रात्र? शूट झालंय का? की पत्रिका बघून सांगू?

निळू: शटर बदला, म्हणजे प्रत्येक फ्रेमला प्रकाश किती वेळ मिळतो ते. 'सेव्हिंग प्रायव्हेट रायन' (१९९८) मधली ओमाहा बीचवरची लढाई नेहमीच्या १८० अंशांऐवजी ९० आणि ४५ अंशांच्या शटरवर घेतलीय; अंश कमी, तर प्रकाशाचा वेळही कमी. फ्रेम पुसट होत नाही, उडणाऱ्या मातीचा कण न् कण टोचतो. सेकंदाला २५ फ्रेम असतील तर १/५० सेकंदाऐवजी १/२०० ठेवा, काम फत्ते.

घाईत_घोडा: शूट झालंय हो! रात्रीचा बंकर आहे.

खडूस_आजोबा: हे आत्ता सांगताय. आणि निळू, रात्री बंकरात १/२००? काळा पडदा दिसला असता.

तबल्याची_शाई: शेपर्ड टोन लावा. 'डंकर्क' (२०१७) मध्ये संगीतकार हान्स झिमरने तेच केलंय. सप्तकाच्या अंतरावरचे सूर एकदम चढवायचे. वरचा विरत जातो, खालून नवा शिरतो. चढतोय चढतोय वाटतं, पोचत कुठेच नाही. आमच्या एकांकिकेत लावला होता, थिएटर चिडीचूप.

निळू: आधीच ढोल बडवलेत, त्यावर आणखी? ओमाहाच्या लढाईला पार्श्वसंगीतच नाहीये.

तबल्याची_शाई: एका सिनेमावर किती दिवस काढणार?

मुलुंडकर: अवांतर, डंकर्कसाठी साउंडबार पुरेल का? शेजारी आजी-आजोबा आहेत.

कासव: घोडेराव, बंकरात जवान करतात काय? शत्रू दिसतो?

घाईत_घोडा: दोघं कान देऊन बसलेत, बाहेर पावलं. मध्येमध्ये शत्रूचे शॉट आहेत. भारी आलेत, ड्रेस भाड्याने आणले होते.

कासव: तिथंच गळतंय. 'दास बोट' (१९८१) बघा. वर विनाशिका घिरट्या घालते, पण कॅमेरा बहुतेक वेळ पाणबुडीच्या आतच. सोनारचा (आवाजाने पाणबुडी शोधणाऱ्या यंत्राचा) टण्ण, मग विनाशिकेच्या पंख्यांची घरघर डोक्यावरून. माणसं वर बघतात आणि वर नुसतं छत. तुमच्या प्रेक्षकाला सगळं दिसतंय, तो कान कशाला देईल?

निळू: उलट प्रेक्षकाला जास्त माहीत असलं की ताण वाढतो.

कासव: मग एकदा दाखवा ना. दर वीस सेकंदांनी कशाला? बाहेरचे शॉट काढा, त्यांचा आवाज ठेवा. संगीत बंद. पावलं थांबली की रातकिडेही थांबवा.

घाईत_घोडा: ड्रेसचे तीन हजार गेले त्याचं काय?

मुलुंडकर: साउंडबार?

घाईत_घोडा: काढले शॉट. रूममेटने मोबाईल उलटा ठेवला! पण सीन साडेतीन मिनिटांचा झाला, पाच तरी लागतात.

खडूस_आजोबा: हेही आत्ता.

कासव: पावलं थांबतात तिथे कट करू नका. चेहऱ्यावर जेवढं फुटेज असेल तेवढं राहू दे.