बिलावरचं व्याज कसं मागायचं? मदत हवी आहे (तातडीने)

पत्रा_पाना
सरकारी ऑफिसने बिल उशिरा दिलं तर व्याज मिळतं असं ऐकलं. अर्ज कुठे करायचा, फॉर्म कुठला? आमचे सीए "बघू" म्हणाले, तीन आठवडे बघतायत. कृपया नक्की माहिती असेल त्यांनीच लिहा.

वांगीभात
कुठलं ऑफिस? काय पुरवलं? माल कधी पोचला, पैसे आलेत की यायचेत? उद्यम नोंदणी (लहान उद्योगांची सरकारी नोंदणी) आहे का? अहो, नाडी न बघता औषध कसं सांगणार?

पत्रा_पाना
उद्यम आहेच की. जिल्हा परिषद, शाळेचं सामान, 8 लाख. सव्वा वर्ष चपला झिजवल्या. फॉर्म सांगा.

निवृत्त_लेखाधिकारी
मी 28 वर्षं याच खात्यात काढली. मुद्दाम कोणी अडवत नाही हो. अनुदानच येत नाही, आलं तर मार्चच्या शेवटच्या आठवड्यात येतं आणि मग शंभर बिलं एकदम. बिलाला तपासणी अहवाल आणि साठा नोंदवहीचं पान लावलं होतं का? नव्वद टक्के बिलं तिथेच आक्षेप लागून परत जातात. जाऊन गोड बोला, भांडून काही होत नाही.

पत्रा_पाना
सगळं लावलं होतं. गोड बोलून बोलून मधुमेह व्हायची वेळ आली.

घाटावरचा
सोप्पा उपाय. 1961 च्या आयकर कायद्याचं कलम 43 बी (एच). 1 एप्रिल 2024 पासून लागू. 45 दिवसांत पैसे दिले नाहीत तर खरेदीदाराला त्या वर्षी खर्चाची वजावट नाही. नोटिशीत एवढं लिहा, धावत येतील. माझ्या दोन पार्ट्या आल्या.

वांगीभात
घाटावरचे, जिल्हा परिषद कुठला आयकर भरते की वजावट जाईल म्हणून घाबरेल?

घाटावरचा
मी जनरल सांगितलं.

वांगीभात
मूळ कायदा 2006 चा, सूक्ष्म-लघु-मध्यम उद्योगांचा. कलम 15 ते 24 वाचा. व्याज रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट, दरमहा चक्रवाढ. अर्ज या उद्योगांच्या केंद्रीय मंत्रालयाच्या पोर्टलवर ऑनलाइन, तो आपल्या विभागाच्या सुविधा परिषदेकडे (थकलेल्या बिलांचे वाद सोडवणारी सरकारी समिती) जातो. आधी समेटाचा प्रयत्न, नाही जमलं तर लवाद. कायद्यात 90 दिवस लिहिलेत, माझ्या केसला पावणेदोन वर्षं लागली. पण निकालाला आव्हान द्यायचं तर समोरच्याला आधी 75 टक्के रक्कम कोर्टात भरावी लागते, तिथे ते नरम येतात.
आता तारखा द्या.

पत्रा_पाना
ऑर्डर डिसेंबर 2022. माल पोच 14 फेब्रुवारी 2023. उद्यम 2021 चं. पैसे 2 मे 2024 ला आले.

वांगीभात
म्हणजे पैसे मिळालेत! हे पहिल्या ओळीत यायला हवं होतं.

जुनी_वही
मग विसरा. मुद्दल घेतलं की विषय संपला.

वांगीभात
नाही संपत. सर्वोच्च न्यायालयाने 2010 मध्ये, आधीच्या 1993 च्या व्याज कायद्याखाली, नुसत्या व्याजासाठीही दावा चालतो असं म्हटलंय. फक्त पैसे घेताना "पूर्ण व अंतिम" असं लिहून सही दिली नाहीत ना?

पत्रा_पाना
नाही. पण टेंडरमध्ये "विलंबाबद्दल व्याज देय नाही" आणि "देयक निधी उपलब्धतेनुसार" असं होतं.

निवृत्त_लेखाधिकारी
मग झालं तर. अट मान्य करून सही केलीत.

वांगीभात
व्याजाचं कलम 16 करारात काहीही असलं तरी लागू होतं, शब्दच तसे आहेत. उलट "निधी उपलब्धतेनुसार" ही काही तारीख नव्हे. ठरलेली तारीखच नाही म्हटल्यावर 45 नाही, 15 दिवसांचीच मुदत. लेखी हरकत 15 दिवसांत आली नसेल तर माल पोचला तोच स्वीकाराचा दिवस. म्हणजे 2 मार्च 2023 पासून व्याज.

जुनी_वही
सगळीकडे 45 लिहिलेलं असतं.

वांगीभात
45 ही करारात तारीख ठरवली तर तिची कमाल मर्यादा आहे. बँक रेट तेव्हा 6.75, म्हणजे 20.25 टक्के. 14 महिन्यांचे 8 लाखांवर साधारण 2 लाख 11 हजार.

कोल्हापुरी_लेथ
आणि जीएसटी? बिल फाडल्याच्या पुढच्या महिन्यात भरायचा, पैसे वर्षाने. सरकारला आपणच बिनव्याजी कर्ज देतोय. त्यावर कोणी धागा काढा राव.

दगडीचाळ
सामान नुसतं दिलं की बसवून दिलं? बसवलं असेल तर कामाचं कंत्राट म्हणतील. मुंबई उच्च न्यायालयाने ते या कायद्यात बसत नाही म्हटलंय.

पत्रा_पाना
बाकडी आमच्या शेडमध्ये बनवली, नुसती ठेवून आलो. पंखे मात्र बाजारातून घेऊन बसवले. पंख्यांचे 1 लाख 60 हजार.

वांगीभात
हेही आत्ता! पंखे म्हणजे व्यापार. व्यापाऱ्यांना 2021 पासून उद्यम मिळतं खरं, पण ते बँकांच्या प्राधान्य कर्जापुरतं, उशिराच्या व्याजाचा लाभ नाही. पंखे वगळून 6 लाख 40 हजारांवर मागा, साधारण 1 लाख 69 हजार. एकत्र मागितलंत तर त्याच मुद्द्यावर अर्ज रेंगाळेल. आणि वेळ काढू नका, तीन वर्षांच्या मुदतीचा मुद्दा लवादात उकरला जातो.

निवृत्त_लेखाधिकारी
मागा, मागा. पुढच्या टेंडरला मात्र तुमचं पाकीट तांत्रिक छाननीत बाहेर. मी सांगतो म्हणून लिहून ठेवा.

पत्रा_पाना
तेच तर! पुढचं टेंडर 20 तारखेला आहे. ते भरल्यावर अर्ज केला तर चालेल का?

कोल्हापुरी_लेथ
बाकडी कितीला एक देता? आमच्या तालमीला चाळीस पाहिजेत. पैसे रोख.