लवादाचा निवाडा इकडे, देणेकऱ्याची मालमत्ता दुसऱ्या राज्यात. दरखास्त (निवाड्याच्या वसुलीचा कोर्टातला अर्ज) कुठे लावायची?

थकलेलं_बिल
मंडळी, जरा मदत हवी आहे. मालाच्या थकलेल्या पैशांवरून लवाद झाला, निवाडा आमच्या बाजूने लागला, समोरच्याने लवाद कायद्याच्या कलम ३४ खाली तो रद्द करायला चॅलेंजही केलं नाही आणि ती मुदत आता संपली. पैसे मात्र देत नाही. अडचण अशी की लवाद आमच्या जिल्ह्यात बसला, करारातही सीट (लवादाचं कायदेशीर ठिकाण) इथलीच, पण त्याचं इथे काहीच नाही, गोडाऊन, मशिनरी, बँक खातं सगळं शेजारच्या राज्यात. एक वकील म्हणतात आधी इथे दरखास्त लावा, मग ट्रान्सफर (प्रकरण तिकडच्या कोर्टाकडे पाठवायचा आदेश) घेऊन तिकडे जा. दुसरे म्हणतात थेट तिकडेच जा. त्यात आम्ही लवाद चालू असताना इथल्या कोर्टात त्याच कायद्याच्या कलम ९ चा (तात्पुरत्या संरक्षणाचा) अर्ज केला होता, त्यामुळे आता सगळं इथेच करावं लागेल असंही कानावर आलंय. खरं काय?

दरखास्तवाला
थेट तिकडे जा. सुप्रीम कोर्टाने फेब्रुवारी २०१८ मध्ये सुंदरम फायनान्सच्या केसमध्ये हे मिटवलंय. तिथे फायनान्स कंपनीने तमिळनाडूतला निवाडा घेऊन मध्य प्रदेशात मुरैनाच्या कोर्टात दरखास्त लावली, कोर्टाने आधी तमिळनाडूतून ट्रान्सफर आणा म्हणून परत पाठवली. त्याआधी हायकोर्टांमध्येच एकमत नव्हतं, मध्य प्रदेश आणि हिमाचल ट्रान्सफर मागायचे, दिल्ली, केरळ, मद्रास वगैरे नाही म्हणायचे. सुप्रीम कोर्ट म्हणालं, कलम ३६ प्रमाणे निवाडा कोर्टाच्या हुकूमनाम्या'सारखा' (डिक्रीसारखा) अंमलात येतो एवढंच, तो कुठल्या कोर्टाने दिलेला नाही, मग ट्रान्सफर करणार कोण? देशात जिथे मालमत्ता असेल तिथल्या कोर्टात लावा.

फाईलबंद
कलम ४२ विसरताय. पहिला अर्ज ज्या कोर्टात गेला त्यानंतरचे सगळे अर्ज तिथेच, असं स्पष्ट लिहिलंय कायद्यात. यांनी कलम ९ इथे लावलंय ना.

दरखास्तवाला
तोच मुद्दा त्याच निकालात आहे. कलम ४२ हे लवादाच्या कामकाजातून निघणाऱ्या अर्जांसाठी, आणि अंतिम निवाडा आला की कलम ३२ प्रमाणे ते कामकाज संपतं. वसुली ही त्यानंतरची गोष्ट. उलट इथे दरखास्त लावून करणार काय, दिवाणी संहितेच्या कलम ३९(४) प्रमाणे कोर्ट आपल्या हद्दीबाहेरच्या मालमत्तेवर जप्ती काढू शकत नाही. २००२ च्या दुरुस्तीनंतर तर हे पांढऱ्यावर काळं आहे.

फाईलबंद
कागदावर ठीक आहे हो. ऑफिसात बसलेला माणूस अजूनही 'ट्रान्सफर सर्टिफिकेट कुठंय' विचारतो तेव्हा निकालाची प्रत दाखवूनही तारीख पडते.

दरखास्तवाला
म्हणून तर निकालाची प्रत दरखास्तीलाच जोडायची आणि कलम ४२ वर एक पॅरा आधीच टाकायचा. ऑब्जेक्शन आल्यावर धावपळ नको.

जप्तीप्रेमी
थोडं वेगळं सांगतो. कोर्ट निवडायच्या आधी मालमत्तेची यादी पक्की करा, नाहीतर हद्द बरोबर आणि हातात काही नाही असं होतं. खातं कुठल्या ब्रँचला आहे, गोडाऊन त्याच्या नावावर आहे की भाड्याचं, मशिनरी बँकेकडे तारण आहे का, हे सगळं आधी बघा. माहिती नसेल तर दिवाणी संहितेच्या ऑर्डर २१ रूल ४१ खाली मालमत्तेचं ॲफिडेव्हिट मागता येतं. आणि रक्कम ३ लाख किंवा त्याहून जास्त असून वाद व्यापारी असेल तर तिकडच्या कमर्शियल कोर्टात जा, साध्या दिवाणी कोर्टात लावून परत मिळाली तर महिने वाया जातात. वसुलीला १२ वर्षं आहेत म्हणून मात्र निवांत राहू नका, तोवर माणूस सगळं विकून मोकळा होतो.
शिवाय, लवाद नेमला कुणी? तुमच्याच कंपनीने एकतर्फी नेमला असेल तर सांभाळा. सुप्रीम कोर्टाच्या २०१९ च्या पर्किन्स ईस्टमन निकालानंतर (वादात हितसंबंध असलेल्याने एकट्याने लवाद नेमायचा नाही) देणेकरी दरखास्तीतही तो मुद्दा काढतात आणि दिल्ली हायकोर्टाने असे निवाडे अंमलात आणायला नकार दिलेला आहे.

थकलेलं_बिल
लवाद दोघांच्या लेखी संमतीने नेमला होता, ती पत्रं आहेत, सुटलो. पण मशिनरी बहुतेक तारणच आहे. आणि त्याची थोडी जमीन तिसऱ्याच जिल्ह्यात आहे असं कळतंय. दोन्हीकडे एकदम लावता येते का?

जप्तीप्रेमी
बंदी नाही, पण कोर्टाच्या मर्जीवर आहे आणि दोन्हीकडे एकमेकांची माहिती द्यावीच लागते, एकीकडे काही वसूल झालं तर दुसरीकडे लगेच कळवा. तुमच्या जागी मी आधी खात्यावर जाईन, जमिनीचा लिलाव फार रेंगाळतो. तारण मशिनरीच्या मागे लागू नका, बँक आधी उभी असते. त्यापेक्षा त्याला कुणाकडून पैसे येणं आहे का शोधा, त्या येण्यावर ऑर्डर २१ रूल ४६-अ खाली गार्निशी नोटीस काढता येते, म्हणजे तिसरा माणूस त्याला न देता कोर्टात भरतो.

थकलेलं_बिल
त्याची दोन मोठी गिऱ्हाईकं आम्हाला माहिती आहेत, बिलं तिकडूनच निघतात. उद्या वकिलांना हेच विचारतो.