दरखास्तीची (हुकूमनाम्याच्या वसुलीसाठी कोर्टात केलेल्या अर्जाची) नोटीस म्हणजे तुरुंग नव्हे
कुणीतरी लिहिलंय की हुकूमनाम्याचे, म्हणजे कोर्टाने द्यायला सांगितलेले, पैसे थकले की दिवाणी तुरुंग ठरलेलाच. तसं नाही हो. जॉली जॉर्ज वर्गीस विरुद्ध बँक ऑफ कोचीन (1980) मध्ये सर्वोच्च न्यायालयाचे न्या. कृष्ण अय्यर यांनी स्पष्ट केलं: नुसती थकबाकी पुरत नाही, ऐपत असून टाळाटाळ किंवा बदनियत दिसली पाहिजे. म्हणून दरखास्तीत ‘कारणे दाखवा’ नोटीस आली तर घरी बसू नका, नाहीतर वॉरंट निघतं. पगार, आजारपण, आधीची देणी सगळं कागदांनिशी मांडा. पैशाच्या हुकूमनाम्यात बाईमाणसाला अटक करताच येत नाही, दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम 56. आणि गंमत बघा, अशा दिवाणी कैद्याचा निर्वाह भत्ता धनकोनेच भरायचा! चेक बाऊन्सचं प्रकरण मात्र वेगळं, ते फौजदारी.