चॉप सुई की चॉप्सी?

तळटीप_नको: 1920च्या दशकातल्या न्यूयॉर्कमधली एक कथा मराठीत आणतोय. पात्रं हॉटेलात 'चॉप सुई' मागवतात. मी 'चॉप्सी' लिहिलं, तर संपादकांचा शेरा: "हा गाडीवरचा शब्द." कोणता ठेवू? मूळ अर्थ काय?

पाटावरवंटा: सोपं आहे. चॉप म्हणजे चिरणं, आणि भाज्या सुईसारख्या बारीक, म्हणून सुई.

कोशकीटक: ऐकायला गोड आहे, पण 'चॉप'चा इंग्रजीशी संबंध नाही आणि 'सुई'चा मराठीशी तर नाहीच नाही. कँटोनीज या दक्षिण चिनी भाषेत 'त्साप' म्हणजे मिश्र, 'सुई' म्हणजे बारीकसारीक तुकडे. अमेरिकेत आधी गेलेले बरेचसे चिनी दक्षिणेकडच्या ग्वांगडोंग प्रांतातल्या तैशान भागातले, शब्द त्यांच्याबरोबर गेला. उत्तर चीनमध्ये याच अक्षरांचा उच्चार 'झासुई', आणि तिथे मेंढीची आतडी-काळीज समोर येतं. आपली वजडीच म्हणा ना. न्यूयॉर्कमधल्या 1888च्या वर्णनातही कलेजी-पेठा, डुकराची वजडी, बांबूचे कोंब असंच आहे.

झणझणीत: पण चिनी मुत्सद्दी ली हुंगचांग 1896मध्ये न्यूयॉर्कला आले तेव्हा त्यांच्या खानसाम्याने हाताला लागेल ते परतून वाढलं, त्यातून ही डिश निघाली ना?

कोशकीटक: 1888 आधी येतं की 1896?

कढई_तापली: शब्द राहू द्या, पदार्थ बघा. 'चॉप्सी' म्हटलं की मराठी वाचकाला तळलेल्या नूडल्सचं घरटं, वर लालसर गोड-आंबट ग्रेव्ही आणि अंडं दिसणार. ती आपल्याकडची 'अमेरिकन चॉप्सी'. 1920च्या अमेरिकेत चॉप सुई भातावर वाढत: मांस, सेलरी, कांदा, मोड, कॉर्नफ्लोरचा दाटसर रस. खाली नूडल्स आल्या की ते चाऊमीन. गंमत म्हणजे अमेरिकेच्या ईशान्येला 'अमेरिकन चॉप सुई' म्हणजे मॅकरोनी, गोमांसाचा खिमा आणि टोमॅटो!

देशी_शब्द: मग मराठी शब्द घ्या की. मिसळ! त्साप म्हणजे मिसळच. खाली कुरकुरीत, वरून रस्सा, ओतला की लगेच खायचं.

पाटावरवंटा: न्यूयॉर्कच्या हॉटेलात मिसळ? वाचक पाव शोधत बसेल. 'चायनीज भेळ' आहेच, आणखी कशाला?

देशी_शब्द: भेळ चालते, मिसळ चालत नाही. हा कुठला न्याय?

तळटीप_नको: मग माझ्या वाक्यात काय लिहू?

झणझणीत: घरी केली तर नूडल्स मऊ पडतात. का?

कढई_तापली: पूर्ण शिजवत असणार. थोड्या कच्च्या असतानाच काढा, गार पाण्याखालून घ्या, कापडावर अर्धा तास पसरा, मग दोन चमचे कॉर्नफ्लोर भुरभुरून झटका. ओल राहिली तर तेल उडतं आणि गोळा होतो. तेल चांगलं तापलं की थोड्या थोड्या तळा. रसाला एक वाटी पाणी, तीन मोठे चमचे केचप, एक चमचा साखर, अर्धा चमचा सोया. एक मोठा चमचा कॉर्नफ्लोर गार पाण्यातच कालवा. गरम पाण्यात घातलं की गुठळ्या. व्हिनेगर एक चमचा, तेही गॅस बंद केल्यावर. आंबट घालून उकळत ठेवलं की दाटपणा मोडतो.

कोशकीटक: "घरी केली"? म्हणजे ती चॉप्सी? चॉप सुई मात्र 'ते' ना?

पाटावरवंटा: मराठीत ईकारान्त परका शब्द सहसा स्त्रीलिंगीच. कॉफी, बिर्याणी, चॉप्सी.

देशी_शब्द: आणि हत्ती? माळी?

कोशकीटक: ते परके कुठे?

झणझणीत: व्हिनेगरऐवजी लिंबू चालेल का?

कढई_तापली: चालेल, पण तेही शेवटीच.