कलम ५३ आणि २६०, दोन्हींची नोटीस : आधी उत्तर की आधी स्टे?

वरचा_जिना
महापालिका हद्दीतलं दोन मजली घर. खालच्या बांधकामाला परवानगी आहे, गच्चीवरची खोली आणि बाहेरचा जिना मंजूर नकाशात नाही. दारावर नोटीस चिकटवली आहे, त्यात एमआरटीपी कायद्याचं (राज्याचा नगररचना कायदा) कलम ५३(१) आणि महापालिका अधिनियमाचं २६० असं दोन्ही लिहिलंय. सगळे म्हणतात, थेट कोर्टातून स्टे आणा. शिवाय घरपट्टीसोबत शास्ती (अनधिकृत बांधकामावरचा दंड) भरलेली आहे, तिचा काही उपयोग?

नकाशा_आणि_मोजमाप
आधी उत्तर. ५३ च्या नोटिशीत दिलेल्या मुदतीच्या आत, ५३(३) प्रमाणे बांधकाम कायम ठेवण्यासाठी कलम ४४ खाली (परवानगी मागण्याचं कलम) अर्ज करता येतो. तो निकाली निघेपर्यंत नुसत्या नोटिशीच्या जोरावर पाडता येत नाही. मुदत चुकली की हे संरक्षण गेलं, आणि बहुतेक प्रकरणं इथेच बिघडतात.

अर्जाआधी आर्किटेक्टकडून जागेवर मोजमाप करून घ्या : एफएसआय (प्लॉटवर किती बांधकाम चालतं ते प्रमाण) शिल्लक किती, सामासिक अंतर (हद्दीपासून मोकळी सोडायची जागा) कुठे कमी पडतं. खोली एफएसआयमध्ये बसते पण जिना शेजारच्या हद्दीकडच्या सामासिक अंतरात येतो, असं फार वेळा निघतं. मग जिना स्वतः काढायची तयारी लेखी द्या आणि खोलीचं नियमितीकरण मागा. सगळंच वाचवायला गेलात तर दोन्ही जाईल.

उत्तराच्या दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक, तिन्ही घ्या.

शास्ती महापालिका अधिनियमाच्या २६७अ खालची. ती भरल्याने बांधकाम नियमित होत नाही. पावतीवरून बांधकाम कधीपासून आहे ते दिसतं, पण ते अनधिकृत असल्याचंही दिसतं. विचार करूनच जोडा.

तारीख_पे_पोच
नोटीस फक्त चिकटवली आहे का? सर्वोच्च न्यायालयाच्या पाडकामाबाबतच्या १३ नोव्हेंबर २०२४ च्या निकालाप्रमाणे ती रजिस्टर पोस्टानेही यायला हवी आणि मिळाल्यापासून १५ दिवस मिळायला हवेत. बांधकामात नेमकं उल्लंघन काय, कारवाईचं कारण, सुनावणीची तारीख, कोणती कागदपत्रं आणायची, हे सगळं नोटिशीत हवं. लिफाफा जपून ठेवा, नोटीस कधी मिळाली ते दाखवायला उपयोगी पडतो.

सुनावणीचं इतिवृत्त लिहिलं गेलंच पाहिजे, त्याची प्रत मागा. अंतिम आदेशात तुमचं म्हणणं, भाग नियमित होऊ शकतो का, आणि पाडणं हाच एक मार्ग का, याची कारणं लागतात. त्या आदेशानंतरही १५ दिवस. पाडताना व्हिडिओ चित्रीकरण सक्तीचं.

मात्र रस्ता, फुटपाथ, रेल्वेमार्गालगतची जागा, नदी-तलाव यांवरचं बांधकाम असेल किंवा कोर्टाचाच पाडण्याचा आदेश असेल, तर हा निकाल लागू होत नाही.

मनाई_अर्ज
कोर्टाबद्दल. २६० च्या नोटिशीविरुद्धच्या दाव्याला त्याच अधिनियमाचं ४३३अ आडवं येतं, म्हणजे अशा नोटिशीला दाव्यात आव्हान देता येत नाही; मुंबईत तिथल्या वेगळ्या महापालिका कायद्याच्या ३५१ आणि ३५४अ खालच्या नोटिशींसाठी ५१५अ. म्हणून सुनावणीच दिली नाही, अधिकार नसलेल्याने सही केली, अशा मुळावरच्या दोषांवर बोट ठेवावं लागतं. 'बांधकाम जुनं आहे' एवढ्यावर तूर्तातूर्त (तातडीची तात्पुरती) मनाई मिळत नाही.

महापालिकेचं कॅव्हेट (आम्हाला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका, असा कोर्टात आधीच दिलेला अर्ज) आहे का ते आधी बघा. ते ९० दिवस चालतं आणि तेवढ्यात एकतर्फी आदेश मिळणं कठीण. जुन्या उपग्रह छायाचित्रात गच्ची मोकळी दिसत असताना दाव्यात 'वीस वर्षांपासूनची खोली' लिहिलं, तर बाकीच्या खऱ्या मुद्द्यांवरचाही विश्वास उडतो. आणि जैसे थे आदेश असताना एक वीटही चढवू नका, साधं प्लास्टरसुद्धा नको.

वरचा_जिना
लिफाफा आलेलाच नाही, नोटीस फक्त दारावर आहे.

तारीख_पे_पोच
मग चिकटवलेल्या नोटिशीचा दारासकट, तारीख दिसेल असा फोटो काढा आणि उत्तरात पहिलाच मुद्दा तो घ्या. पण त्याच्या भरवशावर मुदत जाऊ देऊ नका. दोष दाखवलात तर नवी नोटीस निघू शकते, तोवर ४४ चा अर्ज आवक नोंदीत गेलेला असला पाहिजे.