मदत हवी आहे : मिशिगनमध्ये आपला काँग्रेसमन कोणता?

नमस्कार मंडळी. आम्ही डेट्रॉईटमध्ये राहतो. माझं वर्क परमिटचं नूतनीकरण कित्येक महिने लटकलंय. ऑफिसातला एकजण म्हणाला, काँग्रेसमनच्या (म्हणजे अमेरिकी संसदेच्या कनिष्ठ सभागृहातल्या आपल्या मतदारसंघाच्या प्रतिनिधीच्या) ऑफिसला लिही, ते इमिग्रेशनकडे विचारणा करतात. पण मी नागरिक नाही, मत नाही. तरी दाद देतात का? जनगणनेत आम्हालाही मोजतात आणि त्यावरूनच त्या सभागृहात राज्याच्या जागा ठरतात (2020 नंतर मिशिगनच्या 14 च्या 13 झाल्या), म्हणजे हक्क थोडाफार असावा!

दुसरा घोळ मतदारसंघाचा. शहर 12 आणि 13 मध्ये विभागलंय. 13 म्हणजे आपले बेळगावचे श्री ठाणेदार 2022 मध्ये जिथून निवडून आले तो. संसदेच्या साइटवर नुसता झिपकोड टाकला तर दोन्ही नावं येतात. नकाशा 13 नागरिकांच्या स्वतंत्र आयोगाने आखलाय म्हणे, पण रेषा कुठल्या गल्लीतून जाते हे काही केल्या कळेना.

चुकीच्या ऑफिसात अर्ज गेला तर ते पुढे पाठवतात की परत करतात? सिनेटर तर अख्ख्या राज्याचे, मग थेट त्यांनाच लिहावं का? आणि आपल्या वतीने चौकशी करायला ते सहीचं संमतीपत्र मागतात, त्यासोबत कोणकोणती कागदपत्रं जोडलीत? अनुभव असेल त्यांनी कृपया सांगा.