कायापालट: आतून, की नुसता वरून?

पाटीवाचक: आमच्या भाजीमंडईवर फलक लागलाय, 'मंडईचा कायापालट'. केलंय काय, तर ओट्यांना रंग आणि वर निळे पत्रे. गटार होतं तिथेच तुंबलेलं. तरी शब्द नेमका आहे असं माझं मत. काया म्हणजे देह, तो पालटला. आतल्याचा प्रश्नच नाही. खांदेपालट बघा. भोई खांदा बदलतात, ओझं तेवढंच राहतं. मंत्रिमंडळातही तेच. मुळापासून बदल सांगायचा तर परिवर्तन म्हणा.

जुनाट: साफ असहमत. परिवर्तनात तरी काय आहे हो? 'वृत्' म्हणजे फिरणं, वळणं. संस्कृत असला म्हणून शब्द खोल होत नाही. पालट आलाय 'पर्यस्त'वरून, म्हणजे उलटून टाकलेलं. बाराव्या शतकातल्या हेमचंद्राच्या प्राकृत व्याकरणात त्याची दोन रूपं आहेत, पल्लट्ट आणि पल्लत्थ. पहिल्याचा झाला पालट, दुसऱ्याचा आपला पालथा. खालचं वर, वरचं खाली. याला वरवरचं म्हणता? (पर्याणचं पल्लाण आणि त्याचं घोड्यावरचं पलाण, तेही तिथेच. विषयांतर आहे, पण राहवलं नाही.)

पाटीवाचक: व्युत्पत्ती मान्य. पण शब्द पणजोबांच्या पुण्याईवर चालत नाहीत. रुचिपालट म्हणून आज पिठलं-भाकरी, उद्या पुन्हा वरण-भात. हवापालटाला गेलेला माणूस परत घरीच येतो ना?

काळी माती: जरा शेतात या. आम्ही पिकांची फेरपालट करतो (हो, आमच्याकडे ती स्त्रीलिंगीच). ज्वारीच्या रानात हरभरा घेतला की मुळांवर गाठी धरतात, हवेतलं नत्र जमिनीला मिळतं. रोप उपटून बघा, गाठी डोळ्यांना दिसतात. वरचं पालटलं म्हणूनच खालचं सुधारतं.

काढेवाला: कायाकल्प विसरलात की! चरकसंहितेत कुटीत राहून घ्यायचं रसायन, म्हणजे देह पुन्हा ताजातवाना करणारा उपचार, सांगितलंय. १९३८ साली पंडित मदनमोहन मालवीयांनी असा कल्प करून घेतला होता. आणि २०१५ पासून सरकारी दवाखान्यांच्या स्वच्छतेच्या पुरस्काराचं नाव काय? 'कायाकल्प'. रसायनातून थेट फिनेलवर! झिजवतो आपण, बोल मात्र शब्दाला.

जुनाट: तेच म्हणतोय. गटार उपसा, फलक खरा होईल.

पाटीवाचक: तीन अर्ज दिलेत साहेब. पालथ्या घड्यावर पाणी. घ्या, तुमचाच पल्लत्थ!